दुसऱ्या बाई

न्यू जर्सीतल्या एडिसनला आलो तेव्हा पहिली दोन-तीन वर्षं आम्ही केबल घेतलीच नाही. एकाच्या पगारात घरभाडं, गाडीचा हप्ता आणि भारतात पाठवायचे पैसे एवढं भागवायचं होतं. घरमालकाने मागे ठेवलेला एक टीव्ही होता आणि त्यावर दोन काड्यांचा अँटेना. काड्या खिडकीकडे वळवल्या की न्यूयॉर्कचा तेरा नंबर स्वच्छ दिसायचा. तेरा नंबर म्हणजे पीबीएस. लहान मुलांचे कार्यक्रम, जुनी नाटकं आणि संध्याकाळी तासभर बातम्या. मध्ये जाहिराती नाहीत. आपल्या दूरदर्शनसारखं ते सरकारी नाही, तेव्हा प्रेक्षकांची वर्गणी, देणग्या आणि थोडी सरकारी मदत यांवर चालायचं. मला तेव्हा कामाचा परवाना नव्हता. मुलगी जेमतेम वर्षाची. दिवसभरात मोठ्या माणसाचं बोलणं कानावर पडायचं ते त्या तासाभरातच. हा देश मी त्या तेरा नंबरवर शिकले.

५ ऑक्टोबर २००४ची रात्र मला अजून आठवते. ओहायोतल्या क्लीव्हलँडमधल्या केस वेस्टर्न रिझर्व्ह विद्यापीठात उपाध्यक्षपदाच्या दोन उमेदवारांची वादचर्चा होती. एका बाजूला डिक चेनी, दुसऱ्या बाजूला जॉन एडवर्ड्स आणि दोघांसमोर टेबलाशी बसलेल्या ग्वेन आयफिल. रोज बातम्यांत दिसणाऱ्या, म्हणून माझ्या ओळखीच्या. या वादचर्चांत प्रश्न काय विचारायचे हे सूत्रधारच ठरवतो, उमेदवारांना ते आधी सांगितले जात नाहीत. इराक झालं, करांचं झालं, नोकऱ्यांचं झालं. मुलगी मांडीवर झोपली होती आणि माझंही डोकं जड व्हायला लागलं होतं. तेवढ्यात त्या बाईंनी एक प्रश्न टाकला.

त्या म्हणाल्या, मला एड्सबद्दल विचारायचं आहे. चीनमधल्या किंवा आफ्रिकेतल्या एड्सबद्दल नाही, इथल्या, या देशातल्या एड्सबद्दल. इथे २५ ते ४४ वयाच्या कृष्णवर्णीय स्त्रिया या रोगाने दगावण्याची शक्यता त्यांच्या बरोबरीच्या इतर स्त्रियांपेक्षा १३ पट जास्त आहे. ही साथ रोखायला सरकारने काय करावं?

चेनी चार वर्षं उपाध्यक्षपदावर होते. त्यांनी सरळ कबूल केलं की कृष्णवर्णीय स्त्रियांबद्दलचे हे आकडे त्यांच्या कानावर आलेले नाहीत. एडवर्ड्स यांनी आधीच्या एका मुद्द्याचं उरलेलं उत्तर आधी पुरं केलं, मग ते आफ्रिकेकडे वळले. ‘आफ्रिकेबद्दल नाही’ असं बजावून विचारलेल्या प्रश्नावर! आयफिल यांनी पुन्हा सुनावलं नाही, चेहऱ्यावर काही येऊ दिलं नाही, वेळ संपल्यावर पुढचा प्रश्न घेतला. देश चालवायला निघालेल्या दोन माणसांना आपल्याच देशातल्या एवढ्या बायकांच्या मरणाचा पत्ता नाही, हे करोडो लोकांनी पाहिलं होतं. त्यावर त्यांनी एक शब्द जरी जोडला असता तरी ते हलकं झालं असतं.

मला स्वतःला तरी कुठे माहीत होतं? त्या आकड्यातल्या बायका माझ्याच आसपास होत्या. लॉन्ड्रोमॅटमध्ये माझ्या शेजारी कपडे घड्या घालणाऱ्या, बसथांब्यावर मुलीच्या गाडीला हात लावून हसणाऱ्या. दीड वर्षात त्यांच्याबद्दल मी एकही प्रश्न मनात आणला नव्हता. त्या रात्रीपासून मी आयफिल यांचं बोलणं नुसतं ऐकलं नाही, त्या काय विचारतात याची वाट पाहायला लागले.

पुढे जमेल तसं त्यांच्याबद्दल वाचत गेले. जन्म १९५५चा, न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातला. आई बार्बाडोसची, वडील पनामाचे. वडील आफ्रिकन मेथॉडिस्ट एपिस्कोपल पंथाचे धर्मोपदेशक होते, त्यामुळे चर्च बदललं की गाव बदलायचं. सहा भावंडांतलं हे पाचवं अपत्य. कधी चर्चने दिलेलं घर, कधी सरकारी अनुदानातल्या वस्तीतली खोली. पुढे वॉशिंग्टन पोस्टमध्ये असताना याच घरबांधणी खात्याच्या बातम्या त्यांच्याकडे आल्या. खात्याने बांधलेल्या घरात राहून मग त्या खात्यावर लिहिणारा वार्ताहर विरळाच. कागदावर ‘लाभार्थी कुटुंब’ लिहिलेलं असतं तिथे जिन्यात दिवा असतो की नाही, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती.

बॉस्टनच्या सिमन्स कॉलेजात शिकताना त्या ‘बॉस्टन हेरल्ड अमेरिकन’ या वर्तमानपत्रात शिकाऊ म्हणून काम करत होत्या. १९७७ सालची गोष्ट. गोऱ्या आणि काळ्या मुलांना एका शाळेत बसवण्यावरून त्या शहरात नुकतीच दगडफेक होऊन गेली होती. एक दिवस कामाच्या जागी त्यांना एक चिठ्ठी सापडली. तिच्यात काळ्या माणसाला देतात ती सगळ्यात घाण शिवी होती आणि ‘घरी जा’ एवढंच. बाईंनी ती चिठ्ठी वरिष्ठांना दाखवली. वरिष्ठ इतके ओशाळले की शिक्षण संपल्यावर त्यांनी त्यांना नोकरी देऊ केली. आयफिल यांनी ती घेतली.

या प्रसंगापाशी मी फार वेळ थांबले आहे. एकवीस-बावीस वर्षांची मुलगी. ‘असल्या जागी मी पाऊल टाकणार नाही’ म्हणाली असती तरी तिला कुणी नाव ठेवलं नसतं. अपमानाची भरपाई म्हणून मिळालेली नोकरी नको, असंही पुष्कळजण म्हणतील. मला मात्र तिचं घेणं पटतं. चिठ्ठी लिहिणाऱ्याला हवं होतं की ती तिथे नसावी. ती तिथेच राहिली, आणि तीही पगारावर. सुरुवातीला तिला पाककृतींचं पान दिलं. मग शहराच्या शाळा समितीच्या बातम्या आल्या, आणि ज्या भांडणाने शहर पेटलं होतं त्याच्या मुळाशी जाऊन बसायची संधी मिळाली. त्याच शहरात सिमन्समध्ये २०१८मध्ये माध्यमांचं आणि कलांचं एक कॉलेज त्यांच्या नावाने सुरू झालं.

त्यानंतर बाल्टिमोरचं सायंदैनिक, १९८४ ते १९९१ वॉशिंग्टन पोस्ट, मग न्यूयॉर्क टाइम्स आणि त्यातही व्हाइट हाऊस. टीव्हीवर यायला त्या तयारच नव्हत्या. एनबीसी वाहिनीच्या वॉशिंग्टन कचेरीचे प्रमुख टिम रसर्ट यांनी त्यांना १९९४मध्ये ओढून आणलं. रसर्ट म्हणजे त्या काळातलं अमेरिकेच्या राजकीय पत्रकारितेतलं केवढं तरी मोठं नाव. दर रविवारी सकाळी ‘मीट द प्रेस’मध्ये नेत्यांना त्यांचीच जुनी वाक्यं वाचून दाखवून ते घाम फोडायचे. १९९९मध्ये आयफिल पीबीएसवर आल्या आणि शेवटपर्यंत तिथेच राहिल्या. शुक्रवारी रात्री त्यांचा ‘वॉशिंग्टन वीक’ असायचा. एका टेबलाभोवती चार वार्ताहर. नेता नाही, प्रवक्ता नाही, एकमेकांवर ओरडणं नाही. ज्याने आठवडाभर ज्या विषयाचा पाठपुरावा केला त्याने तो सांगायचा, बाकीच्यांनी त्याला विचारायचं. आमच्याकडे शुक्रवारी रात्री मुगाची खिचडी असायची. आजही खिचडीला तुपाची फोडणी पडली की मला त्या कार्यक्रमाची सुरुवात ऐकू आल्यासारखी वाटते.

२००४मध्येच पत्रकारांच्या एका परिषदेत त्या एक शब्दप्रयोग बोलून गेल्या, तो पुढे समाजशास्त्राच्या वर्गांत शिकवला जायला लागला. गोरी, तरुण बाई बेपत्ता झाली की अमेरिकेतल्या वाहिन्या रात्रंदिवस तेवढंच दाखवतात, काळी किंवा मेक्सिकन बाई हरवली तर तिच्या नावाची पट्टीही फिरत नाही. या खोडीला त्यांनी ‘हरवलेल्या गोऱ्या बाईचा रोग’ अशा अर्थाचं नाव ठेवलं. बातमी कुणाच्या हरवण्याची होते, हे त्या एड्सच्या प्रश्नाचंच दुसरं टोक.

यातलं मला सगळ्यात जवळून कळलं ते २००७च्या एप्रिलमध्ये, कारण ते आमच्या दारातच घडलं. रटगर्स विद्यापीठ आमच्या घरापासून गाडीने पंधरा मिनिटांवर. तिथल्या मुलींचा बास्केटबॉलचा संघ त्या वर्षी राष्ट्रीय अंतिम सामन्यापर्यंत गेला आणि टेनेसीकडून हरला. एवढ्या लांब मजल मारतील असं मोसमाच्या सुरुवातीला कुणाला वाटलं नव्हतं, म्हणून हरूनही आमच्याकडे किराणा दुकानात, ग्रंथालयात त्यांचंच कौतुक चाललं होतं. दुसऱ्याच दिवशी डॉन आयमस नावाचा एक नामवंत रेडिओ-सूत्रधार आपल्या सकाळच्या कार्यक्रमात त्या मुलींच्या केसांवरून आणि चारित्र्यावरून बोलला. ते शब्द मी इथे लिहिणार नाही. अठरा-वीस वर्षांच्या मुली त्या, त्यांतल्या बहुतेक काळ्या.

या आयमसच्या कार्यक्रमात वॉशिंग्टनचे मोठमोठे पत्रकार, सिनेटर हौसेने जायचे. तिथे गेलं की पुस्तकं खपतात, नाव होतं. आणि याच माणसाने नव्वदीच्या दशकात आयफिल यांच्यावरही तोंड टाकलं होतं. त्या तेव्हा टाइम्ससाठी व्हाइट हाऊस सांभाळत होत्या. तो म्हणाला होता, बघा टाइम्स किती थोर, साफसफाईवाल्या बाईला व्हाइट हाऊसवर पाठवतंय. एवढी वर्षं आयफिल यांनी त्याचा गवगवा केला नव्हता. आता १० एप्रिलला त्यांनी न्यूयॉर्क टाइम्समध्ये लेख लिहिला. त्यात त्यांचं म्हणणं होतं की मी मोठी आहे, मला हे सोसतं, पण या मुलींनी काय केलं होतं? दोन-तीन दिवसांत आयमसचा कार्यक्रम टीव्हीवरून गेला, मग रेडिओवरूनही गेला.

खरा प्रसंग त्यानंतरचा. १५ एप्रिलला रविवारी ‘मीट द प्रेस’मध्ये याच विषयावर चर्चा होती. टेबलाच्या प्रमुख खुर्चीवर टिम रसर्ट, समोर आयफिल, शेजारी स्तंभलेखक डेव्हिड ब्रूक्स आणि आणखी काही जण. रसर्ट आणि ब्रूक्स दोघेही आयमसच्या कार्यक्रमात वर्षानुवर्षं जात होते. चर्चा नेहमीच्या वळणाने चालली होती, वंशवाद वाईट, माध्यमांनी विचार करावा वगैरे. आयफिल यांनी आवाज न चढवता सांगितलं की या कार्यक्रमात जाणाऱ्या पुष्कळ लोकांकडून काहीच ऐकू आलं नाही. आणि मग नावं घेतली. टिम, तुमच्याकडून आम्ही काही ऐकलं नाही. डेव्हिड, तुमच्याकडूनही नाही.

ज्या माणसाने बोट धरून टीव्हीवर आणलं त्याच्याच कार्यक्रमात, त्याच्याच टेबलाशी बसून, देशभरातले लोक बघत असताना! आपल्याकडे याला ‘खाल्ल्या घरचे वासे मोजणं’ म्हणायला लोक कमी करणार नाहीत. मला ते मुळीच तसं वाटत नाही. रसर्ट दर रविवारी दुसऱ्यांना जे विचारत होते तेच त्या दिवशी त्यांना विचारलं गेलं. त्या दोघांची मैत्री यानंतरही टिकली. वर्षभराने जून २००८मध्ये रसर्ट कचेरीतच काम करताना हृदयविकाराने गेले तेव्हा आयफिल मनापासून हळहळल्या. २००७च्या त्या रविवारी मुलीची वेणीफणी करता करता मी ते बघत होते, तो कंगवा माझ्या हातात तसाच राहिला होता.

२००८ची उपाध्यक्षपदाची वादचर्चा मात्र मला तेव्हा आवडली नाही, आजही आवडत नाही. सेंट लुईसमध्ये बायडेन आणि सारा पेलिन समोरासमोर होते. चर्चेच्या तोंडावर आयफिल घरातल्या जिन्यावरून पडल्या होत्या, हातात त्याच चर्चेच्या तयारीची कागदपत्रं होती, घोटा मोडला. तशाच त्या खुर्चीवर येऊन बसल्या. पेलिनबाईंनी सुरुवातीलाच सांगून टाकलं की सूत्रधाराला हवी तशी उत्तरं मी देईनच असं नाही. त्यानंतर त्यांनी खरोखरच प्रश्न बाजूला ठेवून हवं ते बोलून घेतलं, आणि आयफिल यांनी त्यांना अडवलं नाही. चार वर्षांपूर्वीचं गप्प राहणं वेगळं होतं. तिथे समोरच्याला उत्तर येत नाही हे लोकांना दिसत होतं. इथे प्रश्नच पुसला जात होता आणि तो पुन्हा एकदा, ठणकावून विचारायला हवा होता. शिवाय त्यांचं ओबामांच्या पिढीच्या कृष्णवर्णीय राजकारण्यांवरचं पुस्तक नव्या अध्यक्षाच्या शपथविधीच्याच दिवशी बाहेर येणार होतं. त्यावरून ‘या बाई तटस्थ कशा?’ असा गदारोळ उठला. पुस्तक लिहिण्यात काही गैर नव्हतं, पण ती तारीख त्यांनी प्रकाशकाला बदलायला लावायला हवी होती असं माझं प्रामाणिक मत आहे. त्या रात्री त्या जरा जास्त जपून होत्या, याला ते एक कारण असावं.

तटस्थ या शब्दावरून मी पुष्कळ विचार केलाय. बाराएक वर्षं त्यांना बघूनही त्यांनी मत कुणाला दिलं असेल ते मला सांगता येणार नाही. पण त्या कुठून आल्या आहेत, हे त्यांच्या प्रश्नांवरून पहिल्याच दिवशी कळलं होतं. या दोन गोष्टी एकमेकींच्या आड येत नाहीत. सरकारी वस्तीतल्या त्या खोल्या, वडिलांच्या चर्चमधल्या बायका, बॉस्टनची चिठ्ठी यांतून त्यांना दिसलं ते इतरांना दिसत नव्हतं, आणि दिसलं ते त्यांनी विचारलं. दोन्ही पक्षांना सारखंच विचारलं.

सप्टेंबर २०१३पासून पीबीएसच्या त्या तासाभराच्या बातम्यांची, म्हणजे ‘न्यूजअवर’ची, मुख्य सूत्रं आयफिल आणि जुडी वुडरफ अशा दोघींकडे आली. देशपातळीवरचा रोजचा बातम्यांचा कार्यक्रम दोन बायकांनी मिळून चालवायची ही पहिलीच वेळ. आपण लहान असताना टीव्हीवर आपल्यासारखं कुणी दिसायचं नाही, ना बाई ना कृष्णवर्णीय, पण आता एखाद्या छोट्या मुलीने आम्हा दोघींना शेजारी शेजारी पाहिलं तर तिला त्यात विशेष काही वाटणार नाही, अशा अर्थाचं आयफिल तेव्हा बोलल्या होत्या.

आमच्याकडे ती छोटी मुलगी दहा वर्षांची होती. पहिल्या दिवशी मी तिला मुद्दाम हाक मारली, बघ गं, आजपासून या दोघी. तिने भागाकारातून मान वर केली, पाहिलं, आणि विचारलं, ‘मग काय झालं?’ मला त्या क्षणी थोडी निराशा वाटली होती. नंतर ती दोघींना ‘पहिल्या बाई’ आणि ‘दुसऱ्या बाई’ म्हणायला लागली. वुडरफ पहिल्या, आयफिल दुसऱ्या. बातम्या लागल्या का, दुसऱ्या बाई आल्या का, म्हणजे जेवायला किती वेळ आहे ते तिला कळायचं.

११ फेब्रुवारी २०१६ला विस्कॉन्सिनमधल्या मिल्वॉकीत, डेमोक्रॅटिक पक्षाची अध्यक्षपदाची उमेदवारी मागणाऱ्या हिलरी क्लिंटन आणि बर्नी सँडर्स यांची वादचर्चा याच दोघींनी घेतली. बराच वेळ कृष्णवर्णीयांच्या प्रश्नांवर बोलणं झाल्यावर आयफिल म्हणाल्या, वंशाचा विषय निघाला की आपण नेहमी काळ्यांबद्दलच बोलतो. मला गोऱ्यांबद्दल बोलायचं आहे. सँडर्स चकित होऊन म्हणाले, ‘गोऱ्यांबद्दल?’ हो, म्हणाल्या. या शतकाच्या मध्यावर या देशात गोरे बहुसंख्य राहणार नाहीत. कष्टकरी गोऱ्या माणसाला पुरेसं काम नाही, तो पूर्वीपेक्षा लवकर मरतोय असं एक अभ्यास सांगतो. मग त्याच्या मनात राग साठला तर त्याला कारण नाही का?

दोन्ही उमेदवारांनी आपापल्या योजना सांगितल्या. मी स्वयंपाकघरातून बाहेर येऊन उभी राहिले होते. जिला त्या शिवीची चिठ्ठी मिळाली होती, तीच आज चिठ्ठी लिहिणाऱ्याच्या वर्गातल्या माणसाच्या दुखण्याबद्दल विचारत होती, तेवढ्याच आस्थेने. निवडणुकीला नऊ महिने होते. दुसऱ्या दिवशीच्या पेपरांत या प्रश्नाला मिळायला हवी होती तेवढी जागा मिळाली नाही.

त्या काळात त्या कॅन्सरवर उपचार घेत होत्या, हे आम्हा प्रेक्षकांना ठाऊक नव्हतं. वसंतात काही आठवडे दिसल्या नाहीत, मग परत आल्या. उन्हाळ्यात दोन्ही पक्षांची अधिवेशनं त्यांनी केली.

८ नोव्हेंबरला मतमोजणीच्या रात्री मुलगी माझ्याबरोबर बसली होती. तेरा वर्षांची, शाळेने नकाशा रंगवायला दिलेला, रिपब्लिकनांसाठी लाल आणि डेमोक्रॅटांसाठी निळी पेन्सिल हातात. कार्यक्रम सुरू होऊन पाच मिनिटंही झाली नव्हती, तिने विचारलं, ‘आई, दुसऱ्या बाई कुठायत?’ मी म्हटलं, बरं नसेल. ‘आज? आज कशा नाहीत?’ रात्र चढत गेली तशी मिशिगन, विस्कॉन्सिन, पेनसिल्व्हेनिया, जिथल्या माणसाबद्दल मिल्वॉकीत विचारलं होतं ती राज्यं तिच्या नकाशावर एकेक करून रंगवायची राहून जायला लागली. तिने लाल पेन्सिल दोनदा तासली.

१४ तारखेला, सोमवारी, आयफिल गेल्या. एकसष्ट वर्षांच्या होत्या. त्या दिवशी ओबामांनी आपल्या पत्रकार परिषदेची सुरुवात त्यांच्याच आठवणीने केली. संध्याकाळी मी नेहमीच्या वेळी तेरा नंबर लावला. वुडरफ एकट्या होत्या आणि त्यांना बोलायला जड जात होतं. मुलगी पुस्तकं घेऊन बाहेर आली, खाली बसली, पडद्यावर आलेलं नाव आणि त्याखालची दोन सालं तिने हळू आवाजात वाचली. मग माझ्याकडे वळून म्हणाली, ‘त्यांचं नाव ग्वेन होतं?’